तंबू कुठे ठोकायचा, जेवायला कुठे बसायचं: दरडी, भूकंप आणि ज्वालामुखींच्या मुलखात नव्याने निघालेल्यांसाठी

एका मोहिमेत दुपारी जेवायला आम्ही कड्याखालच्या सावलीत बसलो होतो. उन्हाने जीव मेटाकुटीला आला होता, सावली गार होती आणि पाठ टेकायला चांगला मोठा धोंडा होता. डबा उघडता उघडता बाजूच्या परातीएवढ्या दगडाकडे लक्ष गेलं. त्याची एक कड पांढरीफटक होती, नुकती फुटल्यासारखी. सहज म्हणून तो कलता केला, तर खाली दबलेलं गवत हिरवंगार! चार दिवस झाले असते तर ते पिवळं पडलं असतं. म्हणजे दगड आदल्या दिवशी, कदाचित त्याच सकाळी वरून आला होता. आम्ही डबे तसेच उचलले आणि दोनशे पावलं पुढे एका उघड्या उंचवट्यावर, भर उन्हात जेवलो. सगळे कुरकुरले. मीही.

मागाहून त्या सावलीत काही पडलं की नाही, कोण जाणे. पण हिशोब करून पाहा. दगड पडणारी घळ ओलांडायला दोन मिनिटं लागतात. तिच्या तोंडाशी जेवायला बसलात तर अर्धा तास जातो. तिथेच तंबू ठोकलात तर दहा तास, म्हणजे ओलांडायला लागतो त्याच्या तीनशे पट वेळ, आणि त्यातला निम्मा झोपेत. दगड केव्हा सुटेल हे आपल्या हातात नाही. आपण त्याच्या वाटेत किती वेळ आहोत, एवढंच आपल्या हातात असतं. नवखी मंडळी सगळी भीती घळ ओलांडण्यावर खर्च करतात आणि मग तिच्याच तोंडाशी पाणी प्यायला बसतात. पुढचं सगळं या एका हिशोबाभोवती फिरतं.

पायरी १: निघण्यापूर्वी, घरी बसून

नकाशावर समोच्च रेषा (सारख्या उंचीच्या जागा जोडणाऱ्या) जिथे दाटीवाटीने येतात तिथे चढ उभा असतो, हे बहुतेकांना माहीत असतं. त्याच्या जोडीला आणखी एक खूण शोधा. घळ किंवा ओढा जिथे मोकळ्या जागेत उतरतो तिथे रेषा बाहेरच्या बाजूला फुगतात, उघडलेल्या पंख्यासारख्या. तो पंखा म्हणजे त्या घळीने आजवर ओकलेला दगडगोटा आणि चिखल. नकाशावर ही जागा सपाट आणि पाण्याजवळ दिसते, म्हणून मुक्कामासाठी पहिलं बोट तिथेच जातं. त्यावर आधीच फुली मारून ठेवा.

मग उपग्रहाची चित्रं. जुन्या वर्षांची चित्रं पाहायची सोय असेल तर एकाच उताराची पाच-सहा वर्षं पाठोपाठ लावून पाहा. हिरव्या उतारावर मध्येच उघडा पडलेला मातकट पट्टा म्हणजे सरकलेली दरड. तो दरवर्षी रुंदावत असेल तर वाट बदला.

हवामानाचा अंदाज सगळेच पाहतात. त्याच्याबरोबर मागच्या आठवड्यात किती पाऊस झाला तेही पाहा. पाणी पिऊन तट्ट झालेल्या मातीला शेवटची एखादीच सर पुरते. बर्फाच्या उंचीवर जात असाल तर रात्री गोठणबिंदू कोणत्या उंचीवर आहे ते बघा. भेगेतलं पाणी गोठताना साधारण नऊ टक्के फुगतं आणि दगड सैल करतं, पण गोठलेलं असेपर्यंत तोच बर्फ त्या दगडाला धरूनही ठेवतो. रात्रीसुद्धा गोठलं नाही, तर सकाळी लवकर निघण्याचा फायदा निम्मा गेला. २००३ च्या कडक उन्हाळ्यात आल्प्समधल्या मॅटरहॉर्न शिखराच्या हॉर्नली धारेवर असाच कडा सुटला होता. वर अडकलेल्या गिर्यारोहकांना हेलिकॉप्टरने खाली आणावं लागलं.

आणि तिथे राहणाऱ्या माणसाला विचारा. ‘वाट सुरक्षित आहे का?’ असं विचारलंत तर ‘हो, जा की’ असंच उत्तर मिळेल. ‘ही वाट शेवटची कधी बंद पडली होती आणि कशामुळे?’ असं विचारा. माणूस आठवायला लागतो आणि कामाची माहिती बाहेर पडते.

पायरी २: पोचल्यावर जमीन वाचा

घसाऱ्यावर, म्हणजे कड्याखाली साठलेल्या सुट्या दगडांच्या उतारावर, पाय ठेवण्याआधी दोन मिनिटं उभे राहा आणि दगडांचा रंग पाहा. ज्यांवर दगडफुलाचे करडे-हिरवे डाग आहेत, ते वर्षानुवर्षं तिथेच पडून आहेत. ज्यांच्या कडा धारदार आहेत, रंग उजळ आहे, वर डाग नाही, ते नवे. सगळा घसारा डागाळलेला आणि मध्ये एकच उजळ पट्टा, असं दिसलं तर दगडांची चालू वाट सापडली. वर नजर टाका. कड्यावर तशाच उजळ रंगाचा ओरखडा असतो आणि तिथूनच पुढचा दगड येण्याची शक्यता जास्त.

झाडंही सांगतात. चढाच्या बाजूला साल सोललेली, तीही माणसाच्या छातीच्या उंचीवर, म्हणजे दगड उड्या मारत आले आहेत. बुंध्याशी वाकून मग सरळ वाढलेली झाडं एका ओळीत दिसली तर जमीन हळूहळू सरकत असू शकते. एखादंच तसं असेल तर सोडून द्या. बर्फाच्या भारानेही झाड वाकतं.

उताराला आडव्या, चंद्रकोरीसारख्या वळलेल्या भेगा मात्र सोडून देऊ नका. भेगेची खालची बाजू वीतभर जरी खचलेली असेल तरी तो उतार सुटायला निघालेला आहे. काल कोरडी असलेली जागा आज पाझरू लागली, स्वच्छ झरा अचानक गढूळ झाला, पाऊस नसताना बारीक खडे गळायला लागले, तर थांबून विचार करत बसू नका. आधी बाजूला व्हा, विचार तिथे करा.

पायरी ३: मुक्कामाची जागा

इथे मी सगळ्यात जास्त वेळ घालवतो आणि सोबतच्यांच्या शिव्याही खातो. दिवसभर चालून आलेल्या माणसाला सपाट जमीन दिसली की तीच चांगली वाटते. म्हणून अंधार पडायच्या दोन तास आधी पोचायचं. उशीर झाला की निवड संपते, मिळेल तिथे अंग टाकलं जातं.

कड्याखालच्या घसाऱ्यासाठी एक ढोबळ मोजमाप आहे. तंबूच्या जागी उभे राहा आणि जिथे कडा संपून घसारा सुरू होतो त्या टोकाकडे पाहा. क्षितिजापासून त्या रेषेचा कोन मोजा. होकायंत्रावर किंवा फोनवर उताराचा कोन मोजायची सोय असते. कोन सुमारे २८ अंशांहून जास्त असेल तर सुटे दगड तुमच्यापर्यंत गडगडत येऊ शकतात. कोन कमी भरेपर्यंत मागे सरका, आणि मग थोडे आणखी. एखाद-दुसऱ्या सुट्या दगडासाठी हे माप चालतं. अख्खा कडाच कोसळला तर ते निकामी आहे, कारण मोठा ढीग त्याच्या कितीतरी पुढे जातो.

शिवाय दगड पोचला नाही तरी त्याने ढकललेली हवा पोचते. १० जुलै १९९६ ला अमेरिकेतल्या योसेमिटीत हॅपी आइल्सच्या वरचा ग्रॅनाइटचा कडा सुटला, तेव्हा हवेच्या झोताने हजारभर झाडं आडवी झाली. २५ एप्रिल २०१५ च्या नेपाळच्या भूकंपात लांगटांग गावावर बर्फ आणि दगड आले. झोत एवढा होता की दरीच्या पलीकडच्या उतारावरचं जंगलही झोपलं. अरुंद दरीत ‘आपण पलीकडच्या बाजूला आहोत’ हा दिलासा म्हणून फारसा खरा नसतो.

मग चांगली जागा कोणती? रुंद सोंडेचा (डोंगरातून खाली उतरणाऱ्या धारेचा) माथा, उतारातून बाहेर आलेला ठसठशीत उंचवटा, जुनी मोठी झाडं असलेली आणि अंगावर जखमा नसलेली राई. ओढ्याच्या पात्रापासून दूर आणि वर. पाणी आणायला दहा मिनिटं खाली जावं लागलं तरी चालेल. धारेवर वारा लागतो, वीज पडण्याची भीती असते, म्हणून अगदी उघड्या टोकावर नको. सगळं एकदम मिळत नाहीच. मी पाण्याची सोय आधी सोडतो, मग वाऱ्यापासूनचा आडोसा. कड्यापासूनचं अंतर सोडत नाही.

उभ्या भिंतींच्या फियॉर्डमध्ये (डोंगरांत आत शिरलेल्या समुद्राच्या अरुंद खाडीत) किनाऱ्यावर तंबू टाकणाऱ्या कयाकवाल्यांचा, म्हणजे छोट्या वल्ह्याच्या होड्या घेऊन फिरणाऱ्यांचा, धोका वेगळाच. दरड पाण्यात पडली की लाट समोरच्या काठावर चढते. अलास्कातल्या लिटुया उपसागरात ९ जुलै १९५८ ला भूकंपाने असा कडा पाण्यात कोसळला आणि समोरच्या डोंगरावर ५२४ मीटर उंचीपर्यंतची झाडं खरवडून निघाली. तिथे भरतीच्या रेषेचा हिशोब पुरत नाही. झाडीच्या वयात आडवी सरळ रेष दिसते का ते पाहा. खाली सारखी कोवळी झाडं आणि वर एकदम जुनं जंगल, अशी ती रेष असते.

पायरी ४: घळ ओलांडताना

पन्नास मीटर उंचीवरून अडथळ्याशिवाय पडणारा दगड सव्वातीन सेकंदांच्या आत खाली येतो आणि तेव्हा त्याचा वेग ताशी ११० किलोमीटरच्या वर गेलेला असतो. हेल्मेट लहान खड्यांसाठी असतं. तरी ते घालायचंच, आणि हनुवटीचा पट्टा आवळून. ते घळीच्या काठावर पोचून घालण्यात अर्थ नाही, कड्याच्या टप्प्यात शिरण्याआधीच घाला.

घळीच्या अलीकडे, सोंडेच्या आडोशाला सगळे थांबा. बुटांच्या नाड्या बांधा, पाणी प्या, फोटो काढा, जे काय करायचं ते इथे. काठ्यांचे पट्टे मनगटातून काढा. टोपी किंवा जॅकेटच्या हुडने कान झाकले असतील तर मोकळे करा. पलीकडे कुठे थांबायचं ती जागा बोट दाखवून ठरवा: ‘तो तिरका धोंडा, त्याच्या मागे.’ मग एकेकाने जायचं. बाकीच्यांपैकी एकाने फक्त वर पाहायचं, दुसरं काही नाही. जाणाऱ्याने धावायचं नाही, न अडखळता झपझप चालायचं. धावताना पाय घसरला तर दोन मिनिटांची दहा होतात. मध्ये काही पडलं तर पडू द्या. पाण्याच्या बाटलीसाठी घळीत वाकून बसलेला माणूस मी पाहिलाय.

वर पाहणाऱ्याला दगड सुटलेला दिसला तर एकच शब्द, पोटातून: ‘दगड!’ ‘अरे जरा वर बघ, काहीतरी येतंय’ एवढं बोलायला वेळ नसतो. ऐकणाऱ्याने काय करायचं ते तो कुठे आहे त्यावर ठरतं. कड्याला लागून असाल तर वर पाहू नका, भिंतीला चिकटा आणि सॅक डोक्या-मानेवर घ्या. मोकळ्या घसाऱ्यावर असाल आणि दगड लांब असेल तर उलट, त्याच्यावर नजर ठेवा. तो आपटून दिशा बदलतो, म्हणून आधीच पळू नका. शेवटच्या क्षणी बाजूला व्हा.

बर्फाळ डोंगरांवर ओलांडायची वेळ पहाटेची, ऊन वरच्या कड्याला लागण्याआधीची. आपण सावलीत आहोत की उन्हात याला महत्त्व नाही, डोक्यावरचा कडा कुठे आहे ते पाहा. आल्प्समधल्या माँ ब्लाँ शिखराच्या नेहमीच्या वाटेवरची गूते घळ जेमतेम शंभर मीटर रुंद आहे, पण तिथल्या दगडांनी अनेकांचे जीव घेतले आहेत.

पायरी ५: ओढे आणि दऱ्या

पाणी वाढलं की माणूस सावध होतो. पाणी अचानक कमी झालं तर मात्र खूश होऊन ओलांडायला निघतो. पाऊस सुरू असताना ओढा आटला, तर वर कुठेतरी दरडीने तो अडवलेला असू शकतो. तो बांध फुटेल तेव्हा माती, दगड, झाडं सगळं मिळून खाली येईल. गढूळपणा, ओल्या मातीचा उग्र वास, लांबून मालगाडी यावी तशी घरघर आणि पायाखालचा थरार, यांतली एकही गोष्ट जाणवली तर दरीच्या दिशेने खाली पळू नका. लोंढा तुमच्याहून जोरात धावतो. पात्राला काटकोनात, बाजूच्या उतारावर, जेवढं वर जाता येईल तेवढं चढा. सॅक आड येत असेल तर टाका.

आकाश निरभ्र आहे म्हणूनही निर्धास्त राहू नका. ७ फेब्रुवारी २०२१ ला उत्तराखंडातल्या चमोलीत ऋषिगंगेच्या खोऱ्यात लोंढा आला तेव्हा स्वच्छ ऊन पडलेलं होतं. रोंटी शिखराच्या उतारावरून सुमारे २.७ कोटी घनमीटर खडक आणि बर्फ सुटला, घर्षणाने बर्फाचं पाणी झालं आणि दोनशेहून अधिक माणसं मरण पावली किंवा बेपत्ता झाली. हिमनद्यांच्या मुलखात वर काय लटकलेलं आहे, कोणती तळी आहेत, हे नकाशावर पाहायचं ते यासाठी.

चुनखडीच्या गुहांचं थोडक्यात: बाहेर पाऊस असेल किंवा पाणलोटात कुठेही पावसाचा अंदाज असेल तर आत जायचं नाही. भिंतीवर डोक्याच्या उंचीवर अडकलेला पालापाचोळा म्हणजे पाणी तिथवर येतं.

पायरी ६: जमीन हलली तर

भूकंपात तंबूने कुणाला मारल्याचं मी ऐकलेलं नाही. मारतात ते वरचे दगड आणि दगड रचून बांधलेल्या भिंती. मोकळ्या जागी असाल तर खाली बसा, डोकं झाका, थरथर संपू द्या. कड्याखाली असाल तर जवळच्या अखंड, जमिनीत रुतलेल्या धोंड्याआड व्हा आणि हादरे थांबताच तिथून निघा. पाठचे धक्के येणारच. सैल झालेला कडा त्यांची वाट पाहत असतो, म्हणून पहिल्या दिवशी सामान आणायला कड्याखाली परत जाऊ नका.

समुद्रकिनाऱ्यावर असाल तर हादरा हाच इशारा. उभं राहणं कठीण व्हावं इतका जोराचा किंवा वीस सेकंदांहून जास्त वेळ चाललेला हादरा जाणवला, समुद्र वेड्यासारखा मागे हटला किंवा गडगडाट ऐकू आला, तर भोंग्याची वाट न पाहता पायी वर निघा. साधारण ३० मीटर उंची किंवा किनाऱ्यापासून तीन किलोमीटर हे लक्ष्य ठेवा. इंडोनेशियातल्या सिमेउलुए बेटावर १९०७ च्या त्सुनामीची आठवण ‘स्मोंग’ या एका शब्दात जपलेली होती. २६ डिसेंबर २००४ ला हादरा बसताच लोक तो शब्द ओरडत डोंगरावर पळाले आणि भूकंपाच्या केंद्राच्या इतक्या जवळ असूनही बेटावर अगदी मोजके मृत्यू झाले. पहिली लाट ओसरली म्हणून खाली उतरू नका. नंतरच्या लाटा मोठ्या असू शकतात आणि त्या काही तास येत राहतात.

पायरी ७: ज्वालामुखीवर

इथे इशाऱ्याची पातळी (ज्वालामुखी किती धोक्याचा आहे ते सांगणारा सरकारी आकडा) वाचायला शिका, पण तिच्यावर विसंबू नका. जपानच्या ओंताके ज्वालामुखीवर २७ सप्टेंबर २०१४ ला पातळी सर्वांत खालची, एक होती. शनिवार, शरदातलं ऊन, दुपारच्या जेवणाची वेळ आणि माथ्यावर गर्दी. ११ वाजून ५२ मिनिटांनी वाफेचा स्फोट झाला आणि ६३ जण मेले किंवा बेपत्ता झाले. बहुतेकांचा जीव उडालेल्या दगडांनी घेतला. न्यूझीलंडच्या व्हाकारीवर तीन आठवडे आधी पातळी वाढवलेली होती. तरी ९ डिसेंबर २०१९ ला ४७ जण बेटावर होते आणि २२ जण दगावले. दोन्ही ठिकाणी नवा लाव्हा वर आला नव्हता. तापलेल्या खडकात अडकलेल्या पाण्याची एकदम वाफ झाली, आणि असा स्फोट फारशी चाहूल देत नाही.

म्हणून पातळी काहीही असो, विवराच्या काठावर वेळ मोजून राहा. पाहा, फोटो काढा, उतरा. जेवण खाली. जाताना आडोसे हेरून ठेवा: मोठा खडक, दगडी निवारा. स्फोट झाला तर आधी वर पाहा. दगड येताना दिसले तर आडोशाला जा, सॅक डोक्यावर घ्या. त्यांचा मारा थांबला की वाऱ्याच्या वरच्या बाजूने, धारेधारेने उतरा. दऱ्यांतून नको, कारण तप्त वायू, राख आणि चिखल दरीच धरतात. १९८५ मध्ये कोलंबियातल्या नेवादो देल रुइस ज्वालामुखीचा चिखल नदीनाल्यांतून सत्तरेक किलोमीटर खाली आर्मेरो गावावर गेला तेव्हा सुमारे तेवीस हजार माणसं गाडली गेली. राखेत डोळे चोळू नका, कॉन्टॅक्ट लेन्स काढा, नाकातोंडावर मास्क किंवा ओला रुमाल ठेवा.

मास्क धूळ अडवतो, वायू अडवत नाही. कार्बन डायऑक्साइडला वास नसतो आणि तो हवेहून जड असल्यामुळे खळग्यांत साठतो. कॅमेरूनच्या न्योस तळ्यातून २१ ऑगस्ट १९८६ च्या रात्री तो बाहेर पडला आणि दऱ्यांत पसरला. १,७०० हून अधिक माणसं गुदमरून गेली. ज्वालामुखीच्या प्रदेशात वारा नसलेला, छान आडोशाचा खळगा मुक्कामाला घेऊ नका. सडक्या अंड्याचा वास येत होता आणि आता येत नाही, याचा अर्थ वायू गेला असं समजू नका. हायड्रोजन सल्फाइड जास्त झाला की नाक तो वास ओळखणंच बंद करतं. गरम झऱ्यांच्या भागात आखून दिलेल्या वाटेबाहेर पाऊल नको. वरचा पापुद्रा पायाला घट्ट लागतो आणि खाली उकळतं पाणी असतं.

पायरी ८: दगड पडल्यावर

सगळ्यात कठीण गोष्ट म्हणजे जखमी मित्राकडे लगेच न धावणं. जिथून एक दगड आला तिथून दुसरा येतो. एकजण वर पाहायला ठेवा, बाकीच्यांची मोजदाद करा, मग दोघांनी जाऊन जखमीला आधी आडोशाला हलवा. मणक्याला इजा असल्याची शंका असली तरी, वरून दगड येत असतील तर हलवणंच बरं. पट्ट्या आणि आधार नंतर, आडोशाला.

सॅटेलाइट मेसेंजर (फोनला रेंज नसतानाही उपग्रहामार्फत संदेश पाठवणारं यंत्र) गटात किमान एक हवा, आणि तो नेत्याच्या सॅकच्या तळाशी नको. संदेश आधीच मनात तयार ठेवा. ‘मदत करा, दरड पडली’ एवढ्याने काम होत नाही. असा लिहा: ‘६ जण. १ चे पाय मोडले, चालू शकत नाही. १ किरकोळ जखमी. दगड अजून पडत आहेत. आम्ही घळीच्या पूर्वेच्या सोंडेवर, सुरक्षित. परतीची वाट तुटली आहे. अन्न २ दिवसांचं. हेलिकॉप्टरला सोंडेवर १०० मीटर वर सपाट जागा.’ ठिकाणाचे आकडे यंत्र स्वतःच पाठवतं, तरी एकदा तपासा. मग बॅटरी वाचवा आणि ठरावीक वेळानेच उघडा, नाहीतर उत्तराची वाट पाहत पडदा उजळत ठेवण्यातच ती संपते.

परतल्यावर, कुणाला काही झालेलं नसलं तरी, दगड कुठे पडला, किती वाजता आणि केवढा होता ते पुढच्या निवाऱ्यावरच्या माणसाला किंवा उद्यानाच्या चौकीत सांगा. वहीत लिहून घ्यायला लावा. उद्या सकाळी तिथे कुणीतरी येऊन विचारणार आहे, ‘ही वाट शेवटची कधी बंद पडली होती?’